रिकामे डबे

भूपेशची पँट मशीनमध्ये टाकण्याआधी मी नेहमीसारखी उलटी करून झटकली आणि तिच्या मुडपलेल्या पायातून एक किडा फरशीवर पडला. काळा, वाटाण्याएवढा. पडल्या पडल्या त्याने पाय पोटाशी ओढून मेल्याचं सोंग घेतलं. खाली कोणीतरी स्कूटरला किकवर किक मारत होतं, गॅसवर दूध होतं, चंद्रपुरातल्या कुठल्याही फ्लॅटमधली सकाळ असते तशी ती सकाळ होती. दुसरी एखादी असती तर तिने चप्पल उचलली असती. मी खाली बसले. म्हणजे जमेल तेवढी बसले, कारण माझ्या डाव्या मांडीत सळई आहे आणि जमिनीवर बसायचं म्हणजे आधी भिंत, मग हात, मग बाकीची मी, असा तो कार्यक्रम असतो. थोड्या वेळाने किड्याला वाटलं असावं की संकट टळलं. त्याने मागचे पाय बाहेर काढले. अंगाच्या मानाने भलतेच लांब, वाकडे, काटकुळे पाय. मी त्याला ओळखलं.

हा टांग्या. त्याचं हे नाव मला तोडेकसा गावच्या सुकरीबाईने सांगितलेलं आहे. शास्त्रातलं नाव वेगळं, ते मी वर्गात सांगते. मी कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते आणि उरलेला सगळा जन्म शेणकिड्यांच्या मागे घालवते. मुलं माझ्या माघारी मला शेणमॅडम म्हणतात आणि त्यांना वाटतं मला ते माहीत नाही. शेणकिड्यांच्या पुष्कळ जाती कुठल्याही शेणावर येतात, टांग्या येत नाही. तो नखरेल आहे. त्याला दाट सावली लागते आणि शेण लागतं ते ताजं, ओलं, आमच्या भागात बहुतेक करून रानगव्याचं. जिथे टांग्या तिथे गवा, हे मी इतक्या वर्षांत पक्कं करून ठेवलेलं. आता हा टांग्या भूपेशच्या पँटीतून पडला होता आणि भूपेश, माझा नवरा, आदल्या संध्याकाळीच तोडेकशाच्या पहाडीवरून परत आला होता. त्या पहाडीवर टांग्या नाही, गवा फिरकत नाही, जंगल कधीच मरून गेलंय, असं दोन वर्षं मी सांगत आले होते. मी, माझ्या तोंडाने. पहाडीवर लोखंडाची खाण व्हायची आहे, आणि ती होऊ द्यावी की नाही यासाठी दुसऱ्याच दिवशी धानोऱ्याला जनसुनावणी होती. तिथे तज्ज्ञ म्हणून मी उभी राहून हेच पुन्हा सांगणार होते.

पँटीच्या मुडपीत शेण वाळून बसलं होतं. मी ते बोटावर घेऊन हुंगलं. हो, हुंगलं, ज्याचा त्याचा धंदा. त्यात बांबूच्या पानांचे तुकडे होते, गावच्या गुराच्या शेणात असतो तसला भुसा नव्हता. दूध उतू गेलं तेव्हा मी तशीच बसलेले होते. माणूस स्वतःची समजूत घालायला लागला की फार हुशार होतो. मी म्हटलं, हा दुसऱ्या पहाडीवरून उडून आला असेल. गाडीत बसला असेल, गाडी धानोऱ्याच्या जंगलातून येते. भूपेश रस्त्यात कुठे थांबला असेल. एकेक उत्तर मी मुलांचे पेपर तपासते तसं तपासलं आणि एकेकाला शून्य दिलं. शेवटी एकच उत्तर उरलं आणि ते वाचायचं धैर्य मला होईना. मी गॅस बंद केला, शेगडी पुसली, किड्याला लोणच्याच्या रिकाम्या बरणीत ठेवलं, झाकणाला भोकं पाडली आणि कॉलेजात निघून गेले. दोन तास शिकवलं. काय शिकवलं ते मुलांना ठाऊक.

भूपेशला पहिला शेणकिडा मीच दाखवला होता. तेव्हा आमचं लग्न व्हायचं होतं. तो गोंडपिपरीकडचा, घरी गुरंढोरं, शेणात पाय घालून मोठा झालेला. पण शेणाकडे वाकून पाहावं असं त्याला कधी वाटलं नव्हतं. मी चामोर्शीची. आमचं घर तळ्याच्या मासोळीवर चालायचं, आई आठवडी बाजारात टोपली घेऊन बसायची, त्या टोपलीच्या वासात वाढलेल्या पोरीला शेणाची काय किळस येणार. आम्ही दोघं शेणाच्या एका पोवट्याजवळ पालथे पडलो होतो. एका किड्याने शेणाची गोळी वळली, तिच्यावर चढला आणि स्वतःभोवती गोल गोल फिरला. 'नाचून राह्यला का?' भूपेशने विचारलं. मी सांगितलं, सूर्य पाहतोय. दिशा ठरवतोय. एकदा ठरवली की गोळी मागच्या पायांनी ढकलत, डोकं खाली, उलटा चालत तो नाकासमोर पळणार, कारण पोवट्यापाशी थांबला तर दुसरे गोळी लुटतात. तेवढ्यात दुसरा एक किडा आला आणि पहिल्याबरोबर गोळी ढकलायला लागला. भूपेश खूश झाला. म्हणाला, 'पाह्य, संसार.' मी म्हटलं, कधीकधी ती मादी असते, तेव्हा संसार. पुष्कळदा तो चोर असतो. मदतीला आल्यासारखा येतो, बरोबर चालतो, आणि पहिला बीळ खणायला खाली उतरला की गोळी घेऊन पसार होतो. भूपेश इतका हसला की पोवट्यावरचे सगळे किडे पळाले. त्या हसण्यावर मी लग्न केलं. आज ही गोष्ट आठवली तेव्हा मला ती फार सोयीची वाटली आणि म्हणून तिचाच राग आला. किडा चोरी करतो ती पोटासाठी. त्याने कोणाचा हात धरून सात पावलं टाकलेली नसतात.

तरी पण त्या काळात मी सुखी होते, हे कबूल केलं पाहिजे. सुट्टी लागली की आम्ही धानोऱ्याच्या पुढे, तोडेकशाला. सुकरीबाईच्या ओसरीत आमचं सामान. सुकरीबाई माझ्याहून थोडी मोठी, गोंडाची बाई, जिभेने तिखट, चार आणि मोह वेचण्यात तिचा हात धरणारं कोणी नाही. चार म्हणजे ज्याची चारोळी होते ते फळ. उन्हाळ्यात अख्खं गाव त्याच्यामागे असतं, आणि अस्वलंही असतात. अस्वल चार खातं आणि बिया विष्ठेत टाकतं. ती विष्ठा उघडी राहिली तर उंदीर बिया फोडून खातात. किड्याने गोळी करून जमिनीत नेली तर पावसात तिथे चाराचं रोप येतं. तोडेकशात एक रीत आहे: रानात चालताना अस्वलाचं ताजं पडलेलं दिसलं की पुढच्या बाईने त्याच्यावर पळसाचं पान ठेवायचं, पानावर खडा, म्हणजे मागच्या बाईचा पाय पडू नये. का, असं मी विचारलं तेव्हा सुकरीबाई म्हणाली, 'खाली लोक काम करून राह्यले ना बाई.' लोक. माझ्या प्रबंधातली अर्धी पानं मी तेव्हाच फाडून टाकायला हवी होती. शेण जमिनीत जातं म्हणून माती भुसभुशीत होते, पाणी मुरतं, माश्या कमी होतात, झाडं येतात, हे सगळं मी आलेख काढून सिद्ध करत होते आणि भूपेश माझे डबे उचलत होता. डबे म्हणजे आमचे सापळे. जमिनीत प्लॅस्टिकचा डबा काठापर्यंत पुरायचा, वर काडीला ताज्या शेणाची पुरचुंडी टांगायची. वासाने किडा येतो आणि डब्यात पडतो. त्यात शेणाचं ताजेपण हेच सगळं असतं. ओलं शेण असेल तर किडे घटकाभरात हजर. वरून वाळलं की त्यांच्यासाठी ते शेण नाही, माती आहे. हे मी भूपेशला इतक्यांदा सांगितलंय की तो झोपेतसुद्धा म्हणू शकला असता.

मग मी पडले. तोडेकशाच्याच नाल्यात, शेवाळलेल्या दगडावरून. सुकरीबाईचा दीर लच्छू आणि आणखी चौघांनी मला बाजेवर घालून सडकेपर्यंत आणलं. मांडीत सळई पडली. डॉक्टर म्हणाले, पहाडी विसरा. त्याच सुमाराला भूपेशला एका सर्व्हे कंपनीत काम मिळालं होतं. तोपर्यंत तो तासिकांवर शिकवायचा, दर उन्हाळ्यात बेकार व्हायचा आणि लोकांना माझ्या नावाने माहीत असायचा. कंपनीला खाणवाल्यांसाठी त्या पहाडीवरच्या जिवांची पाहणी करायची होती. भूपेश माझ्या पलंगाशी बसून म्हणाला, 'तू पाह्यणी कर. पाय माहे, डोकं तुहं.' मी रडले. अशा वेळी कोणीही रडलं असतं. दोन पावसाळे मी पाय स्टुलावर लांब करून स्वयंपाकघरात बसायचे, पहाटे गवळ्याकडून आलेलं ऊन ऊन शेण मळायचे, मलमलच्या तुकड्यांत पुरचुंड्या बांधायचे आणि ओल्या पोत्यात गुंडाळून त्याच्या हातात द्यायचे. डबा देतात ना नवऱ्याला, तसं. तो डबे घेऊन परत यायचा. त्यात मुंगळे, एखादी गोम, कोळी. शेणकिडा नाही. मी ते रिकामे डबे उजेडात धरून पाहायचे आणि पहाडीसाठी मला खरोखर वाईट वाटायचं.

आणि मग मी गाडीत बसून तोडेकशाला गेले होते आणि सुकरीबाईच्या ओसरीत सगळ्यांसमोर सांगितलं होतं की तुमची पहाडी आता पूर्वीची राहिली नाही. लच्छूभाऊ म्हणाला होता, 'गवे तर येतात ना बाई.' मी त्याला समजावलं होतं. फार शांतपणे, फार प्रेमाने समजावलं होतं की लांबून रानडुक्करसुद्धा गव्यासारखं दिसतं. दुपारभर माझ्या डोक्यात हे वाक्य फिरत होतं. ज्याने मला बाजेवर घालून खांद्यावरून आणलं, त्याला मी गवा आणि डुक्कर शिकवून आले.

संध्याकाळी भूपेश आला तेव्हा बरणी जेवणाच्या टेबलावर होती. त्याने भाजीची पिशवी ओट्यावर ठेवली, हात धुतले, आणि बरणीकडे लक्ष जाताच वाकून पाहिलं. त्याचा चेहरा क्षणभर उजळला. इतक्या वर्षांची सवय. किडा दिसला की उजळायचाच.

"टांग्या!" तो म्हणाला. "कुठी भेटला?"

"तुह्या पँटीत."

तो खुर्ची ओढून बसला. "उडून आला असन," असं म्हणाला, पण ते त्याने पिशवीकडे बघून म्हटलं.

"भूपेश."

"मी खोटं नाई बोललो, दामिनी. डबे लावले होते. तू सांगितल्या जागी, तू सांगितल्या अंतरावर. रिकामेच निघाले. एक बी किडा मी फेकला नाई. तुही शप्पथ."

मी त्याला ओळखते. तो खोटी शपथ घेत नाही. तेवढ्यासाठी एक क्षण मला हलकंसुद्धा वाटलं, आणि त्या हलक्या वाटण्याची मला अजून लाज वाटते. मग मी विचारलं, "शेण कोणतं?"

"तू देल्लं तेच."

"कवा लावलं?"

तो पिशवीतली वांगी काढून टेबलावर एकेक ठेवायला लागला.

"पुरचुंड्या कवा लावल्या, भूपेश?"

"वाळल्यावर," तो म्हणाला.

पहाडीवर गेला की तो उतरायचा त्या रेस्ट हाउसच्या टिनाच्या छपरीखाली तो त्या पसरून ठेवायचा. पाऊस नसेल तर टिनावरच. दोन दिवस, तीन दिवस. मग लावायचा. मी कल्पना केली: माझ्या हाताने बांधलेल्या, माझ्या गाठी असलेल्या पुरचुंड्या त्या टिनावर ओळीने वाळत पडलेल्या आहेत, आणि तो खाली खुर्ची टाकून वाट पाहतोय. केसाने गळा कापणं हे मी आजवर नुसतं म्हणत आले होते. त्यात कापणाऱ्याला किती धीर लागत असेल हे माझ्या कधी लक्षात आलं नव्हतं. त्याने चोरी केली नव्हती, खोटं लिहिलं नव्हतं. मी शिकवलेली एकच गोष्ट घेऊन ती उलटी वापरली होती. दुसऱ्या कोणाला हे सुचलंच नसतं. त्यासाठी माझ्याबरोबर इतकी वर्षं पोवट्यांशेजारी पालथं पडावं लागतं.

"काऊन?" मी विचारलं.

"वीस वर्षं तुहे डबे उचलले मी. दामिनी मॅडमचे मिस्टर. ह्या लोकाईनं मले सर म्हटलं पह्यल्यांदा." मग त्याचा आवाज चढला. "अन् मले वाटलं तू ओळखशीन! दोन पावसाळे तुह्यापुढं डबे ठेवले. म्हटलं एकदा तरी म्हणशीन, असं कसं होईन, चाल मले दाखव. तू म्हटलंच नाई."

"माझा पाय मोडला होता."

"डोकं तर नव्हतं मोडलं."

याला चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात, आणि तरी ते लागलं. कारण खरं होतं. मी ओळखायला हवं होतं. कुठल्याही विद्यार्थ्याने असे डबे आणले असते तर मी त्याला हाकललं असतं. नवऱ्याने आणले म्हणून मी ते मान्य केले, आणि त्याला प्रेम म्हटलं. तो नंतर हळू बोलत राहिला. उद्या तू काही बोलू नको. तब्येत बरी नाही म्हण. खाण तशीही होणार, किडा थांबवणार आहे का. माझं नाव जाईल, काम जाईल, या वयात कुठे फिरू. मी वांगी उचलली, चिरली, भाजी केली. आम्ही जेवलो. माझी चीड इतकी होती की ती कुठून सुरू करावी ते कळत नव्हतं, म्हणून मी मिठाची बरणी त्याच्यापुढे सरकवली.

सकाळी मी त्याच्याच गाडीत बसून गेले. एसटीची पायरी मला चढवत नाही. नवऱ्याविरुद्ध बोलायला नवऱ्याच्या गाडीत, त्याने माझ्या पायासाठी मागे सरकवून ठेवलेल्या सीटवर. मूल गाव मागे पडलं, गडचिरोली आलं, धानाच्या बांध्यांत बाया वाकलेल्या होत्या. तो एकदाच बोलला, "पाणी पाह्यजे का?" मी नको म्हटलं. वाटेत गायींचा एक कळप सडकेवर बसला होता. तो हॉर्न न वाजवता थांबला, कारण मला हॉर्न आवडत नाही. हेच मला सहन होईना. माणसाने फसवायचं तर धडधडीत दुष्ट तरी असावं. इतकी वर्षं माझ्या सवयी जपून, माझ्या दुखऱ्या पायाखाली उशी ठेवून, हा माणूस टिनावर पुरचुंड्या वाळवत होता, आणि त्या दोन गोष्टी त्याच्या एकाच हाताने केलेल्या होत्या. त्यातला कुठला हात खरा, हे मला आता कधीच कळणार नव्हतं, आणि मागचे सगळे दिवस, ते पहिल्या पोवट्यापाशी हसलेलं हसूसुद्धा, मला परत तपासावे लागणार होते.

धानोऱ्याला मैदानात मांडव होता. पुढे साहेबांचं टेबल, खुर्च्या, मागे ताडपत्रीवर गावंच्या गावं. पोलीस. बोलणाऱ्यांची नावं सकाळीच लिहून घेतली होती आणि नंबराने बोलावत होते. तोडेकशाची माणसं डाव्या बाजूला बसली होती; सुकरीबाईने मला पाहिलं आणि हात उंचावला. मी वर हात केला, पण पुरता वर गेला नाही. मला लवकर पुकारलं. मी माईक धरला आणि जे बोलायचं ठरवलं होतं ते बोलले: तोडेकशाच्या पहाडीवर टांग्या आहे, म्हणजे गवा आहे, जंगल जिवंत आहे. माझं आधीचं मत मी मागे घेते. नमुन्यांमध्ये त्रुटी राहिली होती.

"त्रुटी कोणाची?" साहेबांनी विचारलं.

मी भूपेशकडे पाहिलं. तो पहिल्या रांगेत बसला होता, इस्त्रीचा शर्ट घालून. तो शर्ट मीच इस्त्री केलेला.

"पद्धतीची," मी म्हणाले.

आपलेच दात, आपलेच ओठ. मी खाली उतरले आणि मला वाटलं होतं की झालं. पहाडीही वाचली आणि घराची झाकली मूठही राहिली. तेव्हा भूपेशने हात वर केला. त्याला लगेच माईक मिळाला. तो शुद्ध, सभेच्या मराठीत बोलला. "मॅडमबद्दल मला पूर्ण आदर आहे. परंतु मॅडमना अपघात झाल्यापासून त्या या पहाडीवर एकदाही गेलेल्या नाहीत. प्रत्यक्ष पाहणी मी स्वतः केली आहे. डबे रिकामे होते. मॅडमची तब्येत सध्या ठीक नसते." आणि तो बसला. खुर्च्यांमध्ये कोणीतरी सहानुभूतीने मान हलवली. साहेबांनी काहीतरी लिहून घेतलं.

त्याने मला मॅडम म्हटलं, याचंच मला जास्त लागलं. मी काठी टेकत मागे गेले, कारण खुर्च्यांमध्ये बसणं शक्य नव्हतं, आणि ताडपत्रीच्या कडेला तोडेकशाच्या लोकांपाशी थांबले. कोणी सरकून जागा केली नाही. लच्छूभाऊ दुसरीकडे पाहत होता. सुकरीबाई उठली आणि माझ्यासमोर येऊन उभी राहिली. ती कधी नव्हे ती हळू बोलत होती.

"बाई, तवा खोटं बोलल्या का आता?"

मी काठी दुसऱ्या हातात घेतली.

"लच्छूभाऊ म्हणे, बाई विकली गेली. सारं गाव म्हणे. मी भांडली. म्हटलं, बाई खोटी नाई बोलत, बाईनं म्हटलं गवे नाई तं नाई, आपलेच डोळे चुकले असतीन. दोन वर्षं मी घरच्या लोकाईसंग धड बोलली नाई तुमच्यापायी. आता तुमी म्हणता गवे आहेत." तिचे डोळे भरले होते आणि त्याचाही तिला राग आला होता. "मी काय सांगू गावाले? कवाची बाई खरी?"

तिनेही तेच केलं होतं जे मी केलं. तिने डोळ्यांनी गवे पाहिले आणि माझ्यावर विश्वास ठेवला. मी हे सगळं चंद्रपूरच्या स्वयंपाकघरात माझं एकटीचं समजत होते, माझं दुःख, माझी फसवणूक, माझ्या गाठीच्या पुरचुंड्या. आणि इथे एक बाई दोन वर्षं माझ्यासाठी स्वतःच्या घरात परकी होऊन बसली होती, आणि मी नुकतीच माईकवर 'पद्धत' असा शब्द वापरून आले होते.

"मले फसवलं," मी म्हणाले. ते मी तिच्या बोलीत म्हटलं. म्हणजे माझ्याच, आईच्या.

"कोनं?"

"माह्या नवऱ्यानं."

ती पुढे साहेबांच्या टेबलाकडे पाहत म्हणाली, "मंग तिथी काऊन नाई बोलल्या?"

"लाज वाटली."

"आमच्यावर पाळी आली तवा लाज नाई वाटली?" ती म्हणाली. माईकवरून तेवढ्यात तिचं नाव पुकारलं. तोडेकशातून बोलायला तिचा एकटीचा नंबर लागला होता. तिने पदर खोचला आणि माझं मनगट धरलं. ते प्रेमाने धरलं असं मी म्हणणार नाही. बकरी ओढतात तसं तिने मला खुर्च्यांमधून ओढत नेलं, माझी काठी एकीकडे, पाय दुसरीकडे. टेबलाशी साहेब म्हणाले, मॅडम, तुमचं झालं ना बोलून? सुकरीबाई म्हणाली, "नंबर माझा आहे ना? तो मी बाईले देल्ला." साहेबांनी शेजारच्याला काही विचारलं. शेजारच्याने खांदे उडवले. भूपेश पहिल्या रांगेत होता आणि त्याने मान नाही म्हणून हलवली, अगदी थोडी, घरात पाहुण्यांसमोर हलवतो तशी.

मी माईक घेतला. तो अजून भूपेशच्या उंचीला लावलेला होता. मला माझ्या विषयातले सगळे शब्द आठवत होते आणि एकही उपयोगाचा नव्हता. मी म्हणाले, पहाडीवर डबे लावायला हे गेले होते. हे म्हणजे भूपेश, माझे मिस्टर. ताजं शेण मी दिलं होतं. यांनी ते टिनावर वाळवलं आणि वाळकं शेण डब्यांवर टांगलं.

साहेबांनी लेखणी वर करून विचारलं, मग? त्याने काय होतं?

मला त्यांना उत्तर द्यायची गरज पडली नाही. ताडपत्रीवर आधी एक म्हातारी हसली, मग तिच्या शेजारचे, मग मांडवाच्या पार टोकापर्यंत गावंच्या गावं हसायला लागली, आणि पहिल्या रांगेत भूपेशने मान खाली घातली.